पोंसचे डॉक्टर कॉम्ब आणि फ्रान्समधलं चर्च-सरकारचं भांडण

फ्रान्समध्ये सरकारी शाळेत हिजाब चालत नाही, मोठा क्रॉस चालत नाही, ही बातमी दर दोन-चार वर्षांनी आपल्याकडे येते. 2004 च्या त्या कायद्यात शीख मुलांच्या पगडीचा प्रश्न पण अडकला होता त्यामुळे भारतात बरीच चर्चा झाली होती. मग लोक विचारतात की अरे हे कसलं सेक्युलर, आपल्याकडे सेक्युलर म्हणजे सगळ्या धर्मांना सांभाळून घेणं आणि त्यांच्याकडे धर्म दारातच काढून ठेवायचा असं का? याचं उत्तर 2004 मधे नाही सापडत, त्यासाठी शंभर-सव्वाशे वर्षं मागे जावं लागतं, आणि तिथे गेलं की एक नाव भेटतंच. एमिल कॉम्ब. खेड्यापाड्यात पेशंट बघणारा डॉक्टर, पुढे फ्रान्सचा पंतप्रधान. डाव्यांसाठी हिरो आणि कॅथलिकांसाठी साक्षात सैतान. मला दोन्ही पटत नाही, आणि का पटत नाही ते सांगायला त्यांचं आयुष्य सुरुवातीपासून बघावं लागेल.

जन्म 6 सप्टेंबर 1835, दक्षिण फ्रान्समधल्या तार्न जिल्ह्यातलं रोककूर्ब नावाचं गाव. वडील शिंपी, घरात पोरं भरपूर, पैसा नाही. पोरगा हुशार होता आणि त्या काळात गरीब घरातल्या हुशार पोराला शिकायचा एकच स्वस्त रस्ता होता, तो म्हणजे चर्च. नात्यातल्या एका पाद्र्याने खर्च उचलला आणि एमिल सेमिनरीत गेला. सेमिनरी म्हणजे पाद्री तयार करणारी शाळा. आधी कास्त्रला, मग पॅरिस, मग आल्बी. सगळ्यांना वाटत होतं की हा मोठा धर्मगुरू होणार, पण आल्बीच्या गुरुजनांचं मत पडलं की याला बुद्धी आहे पण पाद्री व्हायची मनापासून ओढ नाही, आणि तो बाहेर पडला.

बाहेर पडला म्हणजे लगेच नास्तिक झाला असं नाही हं. पुढची काही वर्षं तो नीम शहरात असम्प्शन नावाच्या धार्मिक संघाच्या कॅथलिक कॉलेजात शिकवत होता, आणि 1860 मधे त्याने डॉक्टरेट मिळवली ती संत थॉमस अक्वायनसच्या मानसशास्त्रावर प्रबंध लिहून! म्हणजे ज्या माणसाने पुढे चर्चला सगळ्यात मोठा दणका दिला तो कॅथलिक धर्मशास्त्र कोळून प्यायलेला होता. हे मला फार महत्त्वाचं वाटतं, कारण बाहेरून शिव्या घालणारा माणूस वेगळा आणि आतून वाढलेला माणूस वेगळा, आतल्या माणसाला कुठली वीट काढली की भिंत हलते हे बरोबर माहिती असतं.

मग तो पोंसला आला, तिथल्या धार्मिक कॉलेजात मास्तर म्हणून. पोंस हे पश्चिमेकडचं छोटं गाव, कोन्याक ब्रँडीच्या द्राक्षमळ्यांचा सगळा टापू. 1862 मधे लग्न झालं, बायकोच्या माहेरची परिस्थिती चांगली होती आणि त्या आधारावर या माणसाने तिशीच्या उंबरठ्यावर मास्तरकी सोडून पुन्हा विद्यार्थी व्हायचं ठरवलं, पॅरिसला जाऊन मेडिकल शिकला आणि 1868 मधे डॉक्टर होऊन पोंसलाच परत आला. याच वर्षांत कधीतरी त्याची चर्चवरची श्रद्धा गेली. 1869 मधे तो फ्रीमेसन झाला. हे त्या काळात चर्चविरोधी शिकलेल्या लोकांचं मोठं नेटवर्क होतं आणि फ्रान्सच्या राजकारणात त्याला भारी वजन होतं, हा धागा लक्षात ठेवा, शेवटी हाच त्यांना महागात पडला.

आता "कंट्री डॉक्टर" म्हणजे काय ते थोडं थांबून बघू, कारण त्यांचं राजकारण इथूनच उगवलंय. विमा नाही, सरकारी दवाखान्यांचं जाळं नाही, गरिबांना फुकट औषधोपचार देणारा कायदा फ्रान्समधे 1893 ला आला. त्याआधी खेड्यात आजारी पडलेला शेतकरी बोलवायचा तो घोडागाडीतून वाड्यावस्त्या फिरणाऱ्या डॉक्टरला, आणि बिल भरायचा पीक आल्यावर, कधी भरायचाच नाही. डॉक्टरला प्रत्येक घरातली भांडणं, कर्ज, बाळंतपणं, सगळं माहिती. त्यात 1870 नंतर या भागात फायलॉक्सेरा नावाची कीड आली, द्राक्षवेलींची मुळं खाणारी, आणि मळेच्या मळे गेले, पैशावाली घरं बसली. अशा काळात जो माणूस दारात येतो त्याला लोक विसरत नाहीत. म्हणून त्या काळच्या फ्रेंच पार्लमेंटमधे डॉक्टर खूप दिसतात, पुढे पंतप्रधान झालेला क्लेमांसो पण मूळचा डॉक्टरच. आणि गावात ज्याचा शब्द चालायचा असा दुसरा माणूस म्हणजे पाद्री. मरणाऱ्याच्या खाटेपाशी दोघं भेटायचे, एक नाडी बघायला आणि एक शेवटची प्रार्थना म्हणायला, आणि गावाने मत कोणाला द्यायचं यावर दोघांचं पटायचं नाही.

1870 मधे तिसऱ्या नेपोलियनचं साम्राज्य पडलं आणि प्रजासत्ताक आलं, पण ते टिकेल का याची कोणाला खात्री नव्हती. राजा परत यावा असं वाटणारे लोक भरपूर होते आणि चर्चचा मोठा भाग त्यांच्या बाजूने होता. म्हणून तेव्हाच्या फ्रान्समधे डावं असणं म्हणजे पहिल्यांदा प्रजासत्ताकाच्या बाजूने आणि चर्चच्या राजकीय ताकदीच्या विरोधात असणं, मजूर-मालक वगैरे प्रश्न नंतर. कॉम्ब ज्या गटात होते त्या लोकांना रॅडिकल म्हणायचे, छोटे शेतकरी, दुकानदार, मास्तर, डॉक्टर, वकील अशा लोकांचा गट. क्रांती करून कारखाने ताब्यात घेऊ म्हणणारे नव्हेत. 1876 मधे कॉम्ब पोंसचे मेयर झाले ते 1919 पर्यंत, त्रेचाळीस वर्षं! 1885 मधे सिनेटर झाले आणि मरेपर्यंत राहिले. 1895-96 मधे काही महिने शिक्षणमंत्री.

आता मुख्य गाठ. 1801 मधे नेपोलियन आणि पोप यांनी एक करार केला होता, त्याला कॉन्कॉर्डा म्हणतात. त्यात असं होतं की पाद्र्यांचा आणि बिशपांचा पगार सरकार देणार, आणि त्या बदल्यात बिशप कोण होणार ते नाव सरकार सुचवणार आणि पोप त्याला धार्मिक मान्यता देणार. प्रोटेस्टंट धर्मगुरूंना पण पगार, 1831 पासून ज्यू रब्बींना पण. म्हणजे धर्मगुरू एका अर्थी सरकारी नोकर. यात दोघांचा फायदा होता, चर्चला पैसा आणि सरकारला लगाम. पण कराराच्या बाहेर एक मोठी दुनिया होती, ती म्हणजे धार्मिक संघ, जेझुइट, असम्प्शनिस्ट, नन्सचे शेकडो संघ. हे लोक सरकारच्या पगारावर नव्हते, त्यांच्या शाळा होत्या, दवाखाने होते, काहींचे पेपर होते. लाखो मुलं त्यांच्या शाळेत शिकत होती. प्रजासत्ताकवाल्यांना भीती ही की उद्याचे मतदार लहानपणापासूनच आपल्या विरोधात घडतायत.

त्यात 1894 मधे ड्रेफस प्रकरण झालं. ज्यू कॅप्टन ड्रेफसला खोट्या पुराव्यावर देशद्रोही ठरवून काळ्या पाण्यावर पाठवलं, आणि तो निर्दोष आहे हे दिसायला लागलं तरी सैन्य ऐकेना. कॅथलिक पेपर, विशेषतः असम्प्शनिस्टांचा 'ला क्रुआ', ज्यूंच्या विरोधात आग ओकत होता. (हो, तोच संघ, ज्यांच्या कॉलेजात कॉम्ब तरुणपणी शिकवत होते.) देश उभा फुटला. मग वाल्देक-रूसो नावाच्या शांत डोक्याच्या वकील पंतप्रधानांनी 1 जुलै 1901 चा कायदा आणला. हा कायदा दोन तोंडांचा आहे. एका बाजूला कोणत्याही नागरिकाला संस्था काढायची पूर्ण मोकळीक, आजही फ्रान्समधला कुठलाही क्लब किंवा मंडळ याच कायद्याखाली चालतं. दुसऱ्या बाजूला धार्मिक संघांना मात्र पार्लमेंटची परवानगी हवी. सिनेटमधे या कायद्याच्या समितीचे अध्यक्ष होते कॉम्ब.

1902 च्या निवडणुकीत डावे जिंकले, वाल्देक-रूसो तब्येतीमुळे बाजूला झाले आणि जूनमधे 66 वर्षांचे कॉम्ब पंतप्रधान झाले, गृहखातं आणि धर्मखातं पण स्वतःकडेच. लोकांना वाटलं म्हातारा सिनेटर आहे, सांभाळून घेईल. पण वाल्देक-रूसोंना हा कायदा नियंत्रणासाठी हवा होता, एकेक अर्ज बघून परवानगी द्यायची असा त्यांचा हिशोब, आणि कॉम्बनी त्याची कुऱ्हाड केली. पहिल्याच उन्हाळ्यात परवानगी नसलेल्या अडीच-तीन हजार शाळा बंद करायचे आदेश निघाले. 1903 मधे संघांचे अर्ज पार्लमेंटसमोर आले तर पुरुषांच्या संघांपैकी अगदी मोजके सोडून बाकी सगळे, आणि नन्सच्या शिक्षणसंघांचे पण, गठ्ठ्याने फेटाळले. शार्त्रूझ लिकर बनवणाऱ्या साधूंना एप्रिल 1903 मधे सैन्य लावून डोंगरातल्या मठातून बाहेर काढलं, ते स्पेनला तारागोनाला गेले आणि तिथे लिकर बनवू लागले. जुलै 1904 मधे तर धार्मिक संघांना शिकवायलाच बंदी, परवानगी असो नसो, दहा वर्षांत सगळं आवरायचं. अंदाज असा आहे की या सगळ्या वर्षांत 30 हजारांच्या आसपास साधू आणि नन्स देश सोडून बेल्जियम, स्पेन, इंग्लंड, कॅनडा कुठे कुठे गेले.

ब्रिटनीत, म्हणजे फ्रान्सच्या पश्चिम टोकाला, गावकरी रात्रंदिवस नन्सच्या शाळेबाहेर पहारा देत बसले आणि फोल्गोएतसारख्या गावात सैनिक आले तेव्हा त्यांच्यावर घाण फेकली. त्या बायाबापड्यांना प्रजासत्ताक-राजेशाही वगैरे काही नव्हतं पडलेलं, त्यांच्या पोरींना अक्षर शिकवणाऱ्या सिस्टर त्यांच्या डोळ्यादेखत हाकलल्या जात होत्या. आणि वरून सप्टेंबर 1902 मधे कॉम्बनी आदेश काढला की चर्चमधे उपदेश आणि धर्मशिक्षण ब्रेटन भाषेत चालणार नाही, फ्रेंचमधे द्या, आणि जे पाद्री ऐकले नाहीत त्यांचा पगार अडवला. ज्या गावात म्हाताऱ्यांना फ्रेंच येतच नव्हती तिथे हे! स्वतः दक्षिणेतल्या ओक्सितान बोलणाऱ्या टापूत वाढलेल्या माणसाने हे करावं याचं मला खरंच वाईट वाटतं. भाषेवरून लोकांना कमी लेखायचं दुखणं ज्यांनी भोगलंय त्यांना हे वेगळं समजवायला नको.

दुसरी एक गोष्ट कमी सांगितली जाते. जून 1902 मधेच त्यांनी प्रीफेक्टना, म्हणजे आपल्या कलेक्टरसारख्या अधिकाऱ्यांना, पत्र पाठवलं की सरकारच्या हातातल्या सवलती आणि मेहेरबान्या प्रजासत्ताकाशी निष्ठा असलेल्यांनाच मिळाल्या पाहिजेत. मग गावोगावी कोण आपला आणि कोण त्यांचा हे सांगणारी माणसं उभी राहिली. पोंसच्या डॉक्टरला गावातलं प्रत्येक घर माहिती असायचं ते पेशंटसाठी, तीच माहिती आता सरकारला प्रत्येक गावातली हवी होती.

पण माणूस सरळसोट नाही. जानेवारी 1903 मधे चर्चचं बजेट बंद करा अशी मागणी डाव्यांनीच केली तेव्हा कॉम्ब उठून म्हणाले की लोकांना चर्चकडून मिळणारे नैतिक संस्कार आज तरी गरजेचे आहेत, ते एका मतदानाने पुसता येणार नाहीत, आणि मी स्वतः ईश्वर आणि आत्मा मानणारा आहे. त्यांच्याच बाकांवर गोंधळ झाला. म्हणजे ज्यांना आपण धर्माचा शत्रू समजतो ते देव मानत होते, त्यांचा राग पाद्र्यांच्या सत्तेवर होता. आणि याच काळात अल्जियर्सच्या कार्मेलाइट मठाच्या प्रमुख, राजकन्या बिबेस्को नावाच्या एक नन, त्यांच्या मठाचं रक्षण करायला म्हणून कॉम्बना भेटल्या आणि दोघांमधे खूप जिव्हाळ्याचा पत्रव्यवहार सुरू झाला. देशातले मठ बंद करणारा पंतप्रधान एका नन ला मनातलं लिहितोय, यात ढोंग बघणारे बघोत, मला त्यात सेमिनरीतून परत पाठवलेला तो पोरगा दिसतो.

म्हणूनच हे नीट समजून घ्या की कॉम्बना चर्च आणि सरकार वेगळं करायची सुरुवातीला घाई नव्हतीच. करार ठेवला तर लगाम हातात राहतो असं त्यांचं गणित होतं. ते बदललं पोपमुळे. 1903 मधे दहावा पायस पोप झाला, कडक स्वभावाचा. बिशप निवडण्यावरून खटके उडत होतेच. एप्रिल 1904 मधे फ्रान्सचे राष्ट्राध्यक्ष लुबे रोमला इटलीच्या राजाला भेटायला गेले, आणि रोम आमचं होतं, इटलीने बळकावलं असं मानणाऱ्या व्हॅटिकनने निषेधाची पत्रं काढली. फ्रान्सने राजदूत परत बोलावला. मग प्रजासत्ताकाशी जुळवून घेणाऱ्या दोन फ्रेंच बिशपांना पोपने परस्पर रोमला बोलावून घेतलं, आणि 30 जुलै 1904 ला फ्रान्सने व्हॅटिकनशी संबंधच तोडले. आता ज्याच्याशी करार त्याच्याशी बोलणंच बंद, मग करार चालणार कसा? सप्टेंबरमधे ओसेर शहरातल्या भाषणात कॉम्बनी सांगून टाकलं की आता घटस्फोटच.

नोव्हेंबरमधे त्यांनी स्वतःचं विधेयक आणलं आणि ते फार कडक होतं. चर्च वेगळं होणार, पगार बंद, पण सरकारची नजर मात्र तशीच, आणि कॅथलिक चर्चची देशपातळीवरची रचना तोडून जिल्ह्याजिल्ह्यात बांधून ठेवायची. म्हणजे पैसे पण देणार नाही आणि मोकळं पण सोडणार नाही.

ते विधेयक पुढे गेलंच नाही कारण सरकारच कोसळायला आलं होतं. 28 ऑक्टोबर 1904 ला उजव्या बाजूच्या एका खासदाराने सभागृहात कागद वाचून दाखवले. युद्धमंत्री जनरल आंद्रे यांचं ऑफिस आणि फ्रीमेसनांची संघटना मिळून सैन्यातल्या अधिकाऱ्यांच्या फाइली बनवत होते, कोण चर्चला जातो, कोणाची बायको धार्मिक आहे, कोणाची मुलं कुठल्या शाळेत आहेत, आणि त्यावरून प्रमोशन. पुढे न्यायच्या लोकांच्या यादीचं नाव कॉरिंथ, अडवायच्या लोकांच्या यादीचं नाव कार्थेज. काही दिवसांनी एका खासदाराने भर सभागृहात युद्धमंत्र्याच्या थोबाडीत मारली. वाईट हे की वाल्देक-रूसोंना हा प्रकार 1902 च्या शेवटीच कळला होता आणि त्यांनी तेव्हाच कॉम्बना सावध केलं होतं. ड्रेफसला त्याचा धर्म बघून संपवलं म्हणून जो पक्ष उभा राहिला, त्याच पक्षाच्या सरकारने अधिकाऱ्यांचा धर्म बघून याद्या केल्या. सैन्यातून राजेशाहीवाल्यांना हटवायचं होतं हे कारण मला समजतं, पण त्याने हे बरोबर ठरत नाही. त्याच सुमाराला समाजवादी नेते जोरेस, ज्यांच्या पाठिंब्यावर हे सरकार टिकलं होतं, त्यांना ऑगस्ट 1904 च्या ॲमस्टरडॅम अधिवेशनात आंतरराष्ट्रीय समाजवाद्यांनी बजावलं होतं की अशा सरकारांना आधार देणं बंद करा. जानेवारी 1905 मधे कॉम्बनी राजीनामा दिला.

आणि मग 9 डिसेंबर 1905 चा तो प्रसिद्ध कायदा झाला, सभागृहात 341 विरुद्ध 233 मतांनी, सिनेटमधे 179 विरुद्ध 103. लोक तो कॉम्बचा कायदा समजतात, पण तो घडवला खासदार आरिस्तीद ब्रियां आणि जोरेस यांनी, कॉम्ब पायउतार झाल्यावर. पहिलं कलम विवेकस्वातंत्र्याची हमी देतं. दुसरं म्हणतं की प्रजासत्ताक कुठल्याही धर्माला मान्यता, पगार किंवा अनुदान देणार नाही. आणि चौथ्या कलमात ब्रियां यांनी असं घातलं की चर्चच्या इमारती त्या त्या धर्माच्या स्वतःच्या नियमांप्रमाणे चालणाऱ्या संस्थांनाच मिळतील, म्हणजे कॅथलिकांची बिशप-पोपची उतरंड कायद्याने गुपचूप मान्य केली. बिशप कोण होणार यात सरकारने यापुढे नाक खुपसायचं नाही. कॉम्बच्या मसुद्यात आणि यात हा जमीन-अस्मानाचा फरक. पोपने तरी निषेध केलाच, संस्था काढू दिल्या नाहीत, आणि त्यामुळे जुनी चर्चेस गावांच्या आणि कॅथेड्रल सरकारच्या मालकीची राहिली, वापर मात्र चर्चचा. 2019 ला पॅरिसच्या नोत्र दाम कॅथेड्रलला आग लागली तेव्हा ती बिल्डिंग सरकारची कशी असा प्रश्न अनेकांना पडला होता, त्याचं उत्तर हे.

कॉम्ब पोंसला परत गेले, मेयर होतेच, सिनेटमधे पण जात राहिले. पहिल्या महायुद्धात 1915 मधे, ऐंशी वर्षांच्या वयात, आता पंतप्रधान झालेल्या ब्रियां यांच्या एकजूट मंत्रिमंडळात ते बिनखात्याचे मंत्री होते आणि त्याच मंत्रिमंडळात कॅथलिकांचे पुढारी देनी कोशँ पण होते. 25 मे 1921 ला पोंसमधे गेले. 1928 मधे तिथे त्यांचं स्मारक उभारलं तर राजेशाहीवाले तरुण हातोडे घेऊन आले, पुतळा फोडायला लागले, आणि गोळीबारात त्यातला एकजण मेला. माणूस जाऊन सात वर्षं झाली होती.

शेवटचा एक मुद्दा, कारण हा नेहमी विचारला जातो. हा कायदा सगळ्या फ्रान्सला लागू आहे का? नाही. 1905 मधे अल्सास आणि मोझेल हा पूर्व सीमेवरचा भाग जर्मनीकडे होता, 1918 नंतर परत आला, आणि लोक आमची जुनी व्यवस्था ठेवा म्हणून धरून बसल्यावर ती ठेवली. त्यामुळे आज अल्सासमधल्या स्ट्रासबुर्गमधे कॅथलिक पाद्री, प्रोटेस्टंट पास्टर आणि ज्यू रब्बी यांचे पगार फ्रेंच सरकार देतं, 1801 च्या करारापासून चालत आलेल्या त्याच जुन्या व्यवस्थेच्या आधारावर. 2013 मधे हे घटनेच्या विरोधात आहे म्हणून आव्हान दिलं गेलं होतं, पण कायदे घटनेत बसतात का ते बघणाऱ्या घटना परिषदेने ते फेटाळलं.